लहान कुत्र्याच्या गुडघ्याची वाटी सरकते तेव्हा

पामेरियन अंगणात पळत असतो. पळता पळता मागचा एक पाय एकदम वर उचलतो, चार-सहा पावलं तीन पायांवर टुणटुणत जातो, मग उचललेला पाय मागे एकदा झटकतो आणि काहीच झालं नसल्यासारखा पुन्हा चारही पायांवर धावू लागतो. बारामतीच्या सोसायट्यांत, भिगवण रोडच्या बंगल्यांत, इंदापुरातल्या घरांत हे रोज घडतं. पोरं हसतात, मोबाइलवर व्हिडिओ काढतात. कुत्रं ओरडत नाही, जेवण सोडत नाही, म्हणून घरातल्या कुणालाच त्यात दुखणं दिसत नाही. पण ती उडी म्हणजे गुडघ्याची वाटी जागेवरून निसटल्याची खूण आहे. लहान जातीच्या कुत्र्यांत मागच्या पायाच्या लंगडण्याचं हे अगदी नेहमीचं कारण. डॉक्टर त्याला पटेलर लक्सेशन म्हणतात.

आत काय होतं ते समजलं की पुढचं सगळं सोपं जातं. मांडीच्या हाडाच्या खालच्या टोकाला समोरून एक उभी खाच असते. मांडीच्या पुढच्या स्नायूंची कंडरा त्या खाचेवरून खाली नडगीला जाऊन चिकटते आणि त्या कंडरेतच वाटीचं छोटं हाड गुंफलेलं असतं. लहान कुत्र्यात ते शेंगदाण्यापेक्षा मोठं नसतं. पाय वाकतो, सरळ होतो, तशी वाटी खाचेतून वर-खाली सरकते. खाच उथळ असली, मांडीचं हाड किंवा नडगी थोडी पिळलेली असली, किंवा कंडरा जिथं चिकटते तो नडगीवरचा उंचवटा आत सरकलेला असला, की स्नायू ओढला जाताच वाटी खाचेच्या कडेवरून घसरते. लहान जातींत ती बहुतेक वेळा आतल्या बाजूला जाते. मग पाय सरळ होत नाही, म्हणून कुत्रं तो उचलून धरतं. पाय मागे झटकला की वाटी परत खाचेत बसते आणि स्वारी चालू लागते. सुमारे निम्म्या कुत्र्यांत दोन्ही गुडघ्यांत हा दोष सापडतो.

वाटी अशी दिवसातून अनेकदा घसरली की तिच्या खालची कुर्चा घासली जाते, खाचेची कड झिजते आणि काही वर्षांत संधिवात घर करतो. उडीवरून पडून किंवा गाडीचा धक्का लागून धडधाकट गुडघ्याची वाटी निसटल्याच्याही केसेस असतात, पण त्या थोड्या. बहुतेक कुत्री हा दोष हाडांच्या ठेवणीतच घेऊन येतात. पिल्लू वाढतं तसा तो उघड होतो. पामेरियन, आपण सर्रास पामेरियनच म्हणतो तो स्पिट्झ, चिहुआहुआ, यॉर्कशायर टेरियर, टॉय पूडल, माल्टीज, शिह त्झू, ल्हासा आणि पग या सगळ्यांत तो आढळतो. म्हणजे हे दुखणं येतं वंशातून आणि वाढतं घरात. वाढू न देणं आपल्या हातात आहे, त्याबद्दल आधी बोलू. वंशाचा विषय शेवटी घेतो, पण खरं महत्त्व त्यालाच आहे.

मागचा पाय उचलला म्हणजे वाटीच, असं मात्र धरून चालू नका. आपल्या भागात पहिला संशय काट्यावर घ्यावा. पावसाळा सरला, गवत वाळलं की कुसळं सुटतात. माळावर, बांधावर सराटे पसरलेले असतात. कुंपणाच्या बाभळीचे काटे तर बारमाही. पामेरियन, ल्हासा, शिह त्झू यांच्या बोटांमधले केस दाट असतात, त्यात कुसळ अडकलं की दिसत नाही आणि हळूहळू कातडीखाली शिरतं. फिरवून आणल्यावर चारही पंजे उजेडात धरा, बोटं एकेक करून फाकवा, गाद्यांच्या मधली जागा बोटानं चाचपा. बोटांमध्ये लाल फुगवटा किंवा ओलसर भोक दिसलं, कुत्रं तिथं सारखं चाटत असलं, तर कुसळ आत गेलंय असं समजा आणि ते काढायला डॉक्टरांकडेच जा. काट्याचं लंगडणं काटा निघेपर्यंत टिकतं. वाटीचं लंगडणं येतं आणि जातं. हा फरक लक्षात राहिला तरी निम्मं काम झालं.

दुसरा संशय गोचिडीवर. घरामागे गोठा आहे आणि कुत्रं दिवसभर तिथंच लोळतंय, अशा घरांत गोचीड ताप सहज होतो. त्यात सांधे सुजतात, आज एक पाय तर उद्या दुसरा दुखतो, कुत्रं मलूल होतं, अंग तापतं. रक्त तपासल्याशिवाय हे कळत नाही. तिसरं कारण कोवळ्या वयाचं: पाच ते दहा महिन्यांचं लहान जातीचं पिल्लू हळूहळू जास्त लंगडायला लागलं आणि त्या पायाची मांडी बारीक होत चालली, तर खुब्याच्या हाडाचा गोळा रक्तपुरवठ्याअभावी खराब होत असू शकतो. त्याला एक्स-रे लागतो आणि उपचारही निराळे असतात.

डॉक्टरांकडे जाण्याआधी व्हिडिओ काढून ठेवा. दवाखान्यात पाऊल टाकताच कुत्रं घाबरतं, अंग आखडतं आणि नेमकं तिथं सरळ चालून दाखवतं. घरी कुणाला तरी दोरी धरून चालवायला सांगा. तुम्ही जमिनीलगत बसून आधी मागून, मग बाजूनं स्लो मोशनमध्ये टिपा. किती दिवसांपासून होतंय, दिवसातून किती वेळा, पळताना की उठताना, हे लिहून न्या. तपासणीत डॉक्टर कुत्र्याला उभं करतात, अंगठा आणि तर्जनीत वाटी पकडतात, पाय हळूहळू सरळ करत पंजा आत वळवतात आणि वाटी आतल्या बाजूला रेटून बघतात. सैल वाटी तेव्हा बोटाखाली ‘टक्’ करून निसटते, आणि पाय वाकवला की पुन्हा ‘टक्’ करून बसते. निदान मुख्यतः या बोटांच्या तपासणीवर होतं. हाडं किती पिळलेली आहेत, संधिवात सुरू झालाय का, खुबा ठीक आहे का, हे बघायला एक्स-रे काढतात. वाटी हलवून बघण्याचा प्रयोग घरी करू नका.

डॉक्टर दोषाची प्रत सांगतील. पहिल्या प्रतीत वाटी जागेवर असते. बोटानं रेटली तर निसटते, सोडली की परत येते. बहुतेकदा हे लसीकरणाच्या वेळी सहज ध्यानात येतं आणि कुत्र्याला त्याचा काही त्रासही नसतो. दुसऱ्या प्रतीत वाटी चालता-पळता आपोआप निसटते आणि परत बसते. ती टुणटुण उडी या प्रतीची. तिसऱ्यात वाटी बहुतेक काळ बाहेरच असते. हातानं बसवली तरी टिकत नाही. चौथ्यात ती कायमची बाहेर, हातानंही बसत नाही, आणि हाडांना इतका पीळ असतो की कुत्रं मागचे पाय वाकवून, कंबर खाली टाकून चालतं. पिल्लू चालायला लागल्यापासूनच असं चालत असेल तर वर्षभर वाट बघू नका. हाडं वाढत असतात तोवर पीळही वाढत जातो.

पहिल्या प्रतीला, आणि फारसा त्रास नसलेल्या दुसऱ्या प्रतीला, सहसा ऑपरेशन लागत नाही. लागते ती घरची शिस्त, आणि त्यात सगळ्यात आधी वजन. तीन किलोच्या कुत्र्याचं वजन अर्धा किलोनं वाढलं म्हणजे सहावा हिस्सा वाढला. साठ किलोच्या माणसानं दहा किलो चढवल्यासारखं. चार किलोच्या घरातल्या कुत्र्याला दिवसभरात साधारण २५० ते ३०० कॅलरी पुरतात. ग्लुकोजचं एक बिस्कीट वीस-पंचवीस कॅलरीचं असतं आणि एक चपाती शंभरच्या आसपास. सकाळी चहाबरोबर आजोबांची दोन, पोरांची तीन, संध्याकाळी पाहुण्यांची तीन अशी आठ बिस्किटं झाली की दिवसाच्या निम्म्याहून जास्त कॅलरी तिथंच संपल्या; वर दूध-चपाती आहेच. त्यामुळे घरात कोण काय देतं ते एकदा सगळ्यांनी बसून ठरवा, आणि दिवसाचं खाणं सकाळीच एका डब्यात काढून ठेवा. त्या डब्याबाहेरचं काही द्यायचं नाही. बरगड्यांवरून हात फिरवला तर त्या बोटांना लागल्या पाहिजेत आणि वरून बघितल्यावर कंबर आत गेलेली दिसली पाहिजे. दाट केसांच्या कुत्र्यात डोळ्यांवर विश्वास ठेवू नका, हातच फिरवा.

बिस्किटाऐवजी काकडी, गाजर, उकडलेला लाल भोपळा चालतो. भिगवणच्या बाजारातली चिलापी उकडून, एकूण एक काटा काढून थोडी दिली तर प्रथिनं मिळतात आणि चरबी वाढत नाही. द्राक्षं आणि बेदाणे मात्र एकसुद्धा देऊ नका. इंदापूर-बारामतीकडे हंगामात घरोघरी द्राक्षांचे क्रेट असतात, म्हणून मुद्दाम सांगतो: द्राक्षानं कुत्र्याची मूत्रपिंडं निकामी होऊ शकतात. कांदा-लसणाचं कालवणही नको.

यानंतर फरशी. नव्या घरांत गुळगुळीत व्हिट्रिफाइड टाइल किंवा ग्रॅनाइट असतो. त्यावर कुत्र्याचे पाय बाहेर फाकतात, वळताना मागचा भाग घसरतो आणि सैल वाटीला निसटायला तेवढं पुरतं. कुत्र्याच्या नेहमीच्या वाटेवर, म्हणजे दारापासून पाण्याच्या भांड्यापर्यंत आणि सोफ्याच्या समोर, खाली रबर असलेली पायपुसणी किंवा जाड सतरंजी घाला. तळपायाचे वाढलेले केस कापा, नखं वाढू देऊ नका. चालताना फरशीवर नखांचा टकटक आवाज आला तर नखं वाढली आहेत. सोफ्यावर आणि पलंगावर चढायला पायरी ठेवा, नाहीतर सरळ बंदी घाला. गच्चीच्या जिन्याला खाली फळी लावा.

आणि स्कूटर. पायाजवळ उभा राहून बाजारात जाणारा पामेरियन आपल्याकडे सगळ्यांच्या ओळखीचा आहे. गाडी थांबायच्या आत तो उडी टाकतो, आणि ती उडी डांबरी रस्त्यावर पडते. गुडघा सैल असलेल्या कुत्र्यासाठी हे बंदच करा. न्यायचंच असेल तर झाकणाच्या टोपलीत न्या आणि हातानं उचलून खाली ठेवा.

व्यायाम बंद करू नका, हे तितकंच महत्त्वाचं. मांडीचा स्नायू भरलेला असेल तर वाटीला आधार मिळतो. कुत्र्याला पिंजऱ्यात बसवून ठेवलं तर तो स्नायू सुकतो. दोरीला बांधून, एका लयीत, दिवसातून दोन-तीनदा दहा-पंधरा मिनिटं चालवा. शेतावर असाल तर बांधावरची किंवा मळ्यातली मऊ पायवाट उत्तम. हलक्या चढावर चालवलं तर मागच्या पायांना चांगला जोर लागतो. नांगरटीची ढेकळं टाळा. बॉल फेकून पळवणं, एकदम वळायला लावणं, मागच्या पायांवर उभं राहून ‘नमस्ते’ करायला शिकवणं सोडून द्या. उन्हाळ्यात उजाडायच्या सुमारास फिरवा. पाण्यात पोहणं सांध्यांना चांगलं असं डॉक्टर सांगतात ते खरं आहे, पण म्हणून कुत्र्याला नीरा डाव्या कालव्यात सोडू नका. पाण्याला ओढ असते, कडा उभ्या असतात. लहान कुत्र्याला वर चढता येत नाही आणि त्याच्यामागे माणूस उतरतो.

दुखतंय असं वाटलं की घरातल्या डब्यातली गोळी देण्याचा मोह होतो. कृपा करून देऊ नका. आयबुप्रोफेन आणि डायक्लोफिनॅकनं कुत्र्याच्या जठरात जखमा होतात, मूत्रपिंडं बिघडतात. पॅरासिटामॉलनं यकृत आणि रक्त दोन्हीला धोका असतो. लहान कुत्र्याला माणसाची एक गोळीसुद्धा फार होते. गुडघ्यावर चोळायचे बाम आणि जेलही नकोत, कारण कुत्रं ते चाटणारच. कुत्र्यांसाठी मेलोक्सिकॅम, कार्प्रोफेन अशी औषधं आहेत. त्यांचा डोस वजनावर मोजून डॉक्टरच देतात, आणि जास्त दिवस द्यायची असली तर रक्त तपासून देतात.

कॅल्शियमच्या सिरपनं उथळ खाच खोल होत नाही. पिल्लू चांगल्या प्रतीचं तयार खाद्य खात असेल तर वरून कॅल्शियम ओतण्यानं फायदा काहीच नाही. सांध्यांच्या ग्लुकोसामाइनच्या गोळ्यांनी फार मोठा फरक पडतो असा भक्कम पुरावा नाही. माशाच्या तेलातल्या ओमेगा-३चा संधिवातात त्यापेक्षा जास्त उपयोग दिसतो, पण तेही डॉक्टरांना विचारून. पट्टी बांधून किंवा बाजारातला नी-कॅप चढवून वाटी जागेवर राहत नाही. आणि हाडवैद्याकडे नेऊन पाय ओढून घेऊ नका. वाटी बसेलही, पण ज्या खाचेतून ती निसटली ती तशीच राहते, आणि ओढाताणीत गुडघ्यातला बंध तुटला तर दुखणं दुप्पट होतं. अधूनमधून लंगडणारं कुत्रं एके दिवशी अचानक पाय टेकवायचंच थांबलं, तर त्या बंधाचीच शंका घ्या आणि त्याच दिवशी दाखवा.

तिसऱ्या-चौथ्या प्रतीला, आणि वारंवार लंगडणाऱ्या दुसऱ्या प्रतीला, ऑपरेशन हाच इलाज. त्यात खाच खोल करतात, कंडरेचा नडगीवरचा उंचवटा कापून सरळ रेषेत आणतात आणि बारीक पिनांनी बसवतात, आतल्या बाजूची आवळलेली ऊती सैल करतात आणि बाहेरची घट्ट शिवतात. कोणाला यातलं काय लागेल ते हाडांवर ठरतं. सर्जनला मोकळेपणानं विचारा: अशी किती ऑपरेशनं तुम्ही केली आहेत? हाडाचं काम करणार आहात की फक्त बाहेरून टाके घालून घट्ट करणार? हाड पिळलेलं असताना नुसत्या टाक्यांवर भागवलं तर वाटी पुन्हा निसटण्याची शक्यता बरीच राहते. पहिल्या तीन प्रतींत निष्णात हातांनी झालेलं ऑपरेशन बहुतेक वेळा यशस्वी होतं. चौथ्यात खात्री कमी, कधी दुसऱ्यांदाही करावं लागतं.

बारामती-इंदापूरचे पशुवैद्य प्रामुख्यानं गाई-म्हशींच्या कामात असतात. निदान आणि रोजचे उपचार इथं होतील, पण हाडाच्या ऑपरेशनसाठी ते तुम्हाला बहुधा बाहेर पाठवतील, आणि त्यांनी तसं करणं योग्यच आहे. नीरा-लोणंदमार्गे शिरवळचं क्रांतिसिंह नाना पाटील पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. पुण्यात, बारामतीपासून शंभर किलोमीटरवर, लहान प्राण्यांचे सर्जन आहेत. फोन करून वेळ ठरवूनच निघा, एक्स-रे आणि रक्ताचे रिपोर्ट सोबत ठेवा, भूल द्यायची असेल तर किती तास उपाशी ठेवायचं ते विचारून घ्या. परतीच्या प्रवासात कुत्र्याला मांडीवर न घेता मागच्या सीटवर पिंजऱ्यात झोपवा.

ऑपरेशन निम्मं टेबलावर होतं, निम्मं घरी. सहा ते आठ आठवडे पळणं, उडी, जिना सगळं बंद; शी-शूला फक्त दोरीनं, पाच मिनिटं. दहा-बारा दिवसांत टाके निघतात आणि कुत्र्याला बरं वाटू लागतं. खरा धोका तिथून सुरू होतो, कारण ते उड्या मारायला बघतं आणि हाड अजून जुळलेलं नसतं. दिवाळी किंवा लग्नकार्य तोंडावर असेल तर तारीख पुढं ढकला. घरात वीस माणसं असताना ही विश्रांती सांभाळता येत नाही. गळ्यातली प्लास्टिकची कॉलर दया येऊन काढू नका. डॉक्टरांनी दाखवल्याप्रमाणे पाय हळू वाकवणं-सरळ करणं, पुढं बसवणं-उठवणं असे व्यायाम करून घ्या. हाड जुळल्याचा एक्स-रे बघितल्यावरच कुत्र्याला मोकळं सोडा. दोन्ही गुडघे करायचे असतील तर बहुतेक सर्जन मध्ये काही आठवडे जाऊ देतात.

आता वंशाचं. २००३ मध्ये हच या मोबाइल कंपनीच्या जाहिरातीत पग दिसला आणि गावोगावी पग हवा झाला. तसंच पामेरियन आणि शिह त्झूचं झालं. मागणी वाढली की जी मादी हाताशी असेल ती आणि जो नर ओळखीत असेल तो, अशी पिल्लं काढली जातात. २०१६ मध्ये व्यापारी पैदाशीसाठी परदेशातून कुत्री आणायला केंद्र सरकारनं अटकाव केला. त्यामुळे इथल्या इथंच जोड्या लागतात, आणि भाऊ-बहीण, बाप-लेक यांचीही वीण होते. गाय घ्यायला गेलेला आपला शेतकरी तिच्या आईनं किती दूध दिलं ते विचारतो, रेतनाच्या आधी वळूची माहिती काढतो. तोच माणूस दहा-पंधरा हजारांचं पिल्लू मात्र फोनवरचा फोटो बघून घेतो.

पिल्लाची आई स्वतः बघा. तिला चालवायला, थोडं पळवायला सांगा आणि मागून बघा. बाप तिथं नसेल तर त्याचा चालतानाचा व्हिडिओ मागा. मागचे पाय धनुष्यासारखे वाकलेले, पंजे आत वळलेले, मध्येच एखादी उडी, असं काही दिसलं तर परत फिरा. केनेल क्लबचा कागद पिल्लाचे आई-बाप कोण ते सांगतो, त्यांच्या गुडघ्यांबद्दल काही सांगत नाही. २०१७च्या केंद्राच्या नियमांनुसार पैदास करणाऱ्यानं राज्याच्या प्राणी कल्याण मंडळाकडे नोंदणी केलेली असली पाहिजे आणि आठ आठवड्यांच्या आतलं पिल्लू विकता येत नाही. नोंदणी क्रमांक विचारा. आणि पैसे देण्याआधी पिल्लू आपल्या पशुवैद्याकडून तपासून घेण्याची अट घाला. अट ऐकून विकणारा चिडला तर उत्तर मिळालंच.

तुमच्या घरात आधीच असं कुत्रं असेल, तर त्याची काळजी घ्या, त्याला सडपातळ ठेवा, ते बहुधा सुखानं जगेल. पण ते क्रॉससाठी देऊ नका, शेजाऱ्यांनी कितीही आग्रह केला, पिल्लामागे कितीही पैसे सांगितले तरी. पहिल्या प्रतीचं, कधीच न लंगडणारं असलं तरी नको, कारण दोष पिल्लांत उतरतो आणि तिथं तो तिसऱ्या प्रतीचाही असू शकतो. डॉक्टरांशी बोलून नसबंदी करून घ्या, आणि नसबंदीनंतर वजन वाढतं म्हणून खाण्याचा तो डबा त्याच आठवड्यापासून थोडा कमी भरा.